ब्रेकसरांच्या मांडीवरचा मासा

ड्रायव्हिंग स्कूलच्या गाडीत ब्रेक दोन असतात, एक शिकणाऱ्याच्या पायाखाली आणि एक शिकवणाऱ्याच्या. सरांचा पाय त्या दुसऱ्या ब्रेकवर असा काही ठाण मांडून असे, की पोरांनी त्यांचं नावच ब्रेकसर पाडलं होतं. समोर मांजर दिसलं की ब्रेक. लांबवर सिग्नल पिवळा झाला की ब्रेक. रस्ता अगदी रिकामा असला, तर आता काहीतरी येणारच म्हणून ब्रेक.

याचा फटका बसला मावशींना. वय साठीपुढचं, हात स्टिअरिंगवर पक्का, गिअर लोण्यासारखा पडे; पण स्वतः ब्रेक दाबायची वेळच कधी आली नव्हती. परीक्षेला शेजारी बसलेला साहेब काही आपणहून ब्रेक दाबत नाही, तो नुसता बघत राहतो. दोनदा मावशी वाट बघत राहिल्या, दोनदा गाडी रेषेपुढे गेली, दोनदा नापास. इकडे घरी गाडी चालवणाऱ्या काकांना, म्हणजे मावशींच्या यजमानांना, डोळ्यांनी नीट दिसेनासं झालेलं. "या खेपेला नाही जमलं तर गाडी विकून टाकू," असं त्यांनी सांगूनही टाकलं होतं. आणि परीक्षा उद्यावर होती.

सरांना सांगून काही उपयोग नव्हता. "छे छे, मी कुठे पाय लावतो?" असं म्हणता म्हणता ते लावायचे.

शेवटी मागच्या सीटवर आपल्या पाळीची वाट बघणाऱ्या कॉलेजच्या पोरीने शक्कल लढवली. सरांचा जीव दोनच गोष्टींत होता. एक ब्रेक, दुसरी कडक इस्त्रीची पांढरी पँट.

"सर, एवढं मांडीवर धरता का?" सर बसतात न बसतात तोच तिने त्यांच्या हातात काचेचं भांडं दिलं. काठोकाठ पाणी, आत लाल मासा. "भावाला द्यायचाय. मागे फार हिंदकळतं हो."

"अगं, पण..."

"सर, जीव आहे त्यात!"

सरांचा नाइलाज झाला. मावशींनी हसू गिळलं आणि गाडी काढली.

पहिल्याच वळणावर सरांचा पाय वळवळला. पाणी काठाशी आलं. सरांनी पँटकडे पाहिलं आणि निमूटपणे पाय मागे घेतला.

"मावशी, सिग्नल! सिग्नल!"

"दिसतोय मला," मावशी म्हणाल्या आणि त्यांनीच गाडी थांबवली. जरा धक्का बसला, सरांचं मनगट भिजलं. पुढच्या सिग्नलला तेवढंही झालं नाही. मावशींचा पाय शिकत होता.

बाजाराच्या चौकात मात्र गल्लीतून एक हातगाडी थेट पुढ्यात आली. आता पँट गेली खड्ड्यात, म्हणून सरांनी पाय दाणकन टाकला. पण गाडी आधीच उभी होती. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच कुणाचा पाय सरांच्या आधी पोचला होता! पोरीने मागून चक्क शिट्टी मारली. मावशींना वाटलं, खाली उतरून हातगाडीवाल्याला मिठी मारावी.

"काय गं, भाऊ कुठे राहतो तुझा?" सरांना आता संशय आला होता.

"मला भाऊच नाही, सर."

सर लालबुंद झाले. मग मावशींकडे बघून म्हणाले, "उद्या पास नाही झालात, तर मीच शिकवणं सोडतो."

त्यांना काही सोडावं लागलं नाही. दुसऱ्या दिवशी मावशी अशा पास झाल्या, की साहेबाने खिडकीतून वाकून रेषा पुन्हा पाहिली.

संध्याकाळी त्यांनी काकांना शेजारच्या सीटवर बसवलं. कोपऱ्यावर सायकलवाला आडवा आला, तशी काकांनी दोन्ही पायांनी गाडीची जमीन दाबून धरली.

"तिथे ब्रेक नाही हो," मावशी म्हणाल्या. "तो माझ्याकडे आहे."

काकांनी पाय जवळ ओढून घेतले. "बरं बाई," ते म्हणाले, "लांबच्या रस्त्याने ने."