सुदामची एजन्सी

अनिताबाईंनी खोटं बोलायला पन्नाशीनंतर सुरुवात केली, आणि एकदा केली म्हटल्यावर मग कसलीही कसर ठेवली नाही. मुरबाडमध्ये सुदाम नावाचा एक माणूस आहे, त्याने आपल्यासारखीच एजन्सी काढली आहे आणि तो आपला धंदा बुडवायला टपला आहे, असं त्यांनी हैदराबादला राहणाऱ्या आपल्या मुलाला फोनवर सांगितलं. मुरबाडमध्ये सुदाम नावाची माणसं पुष्कळ असतील. असा सुदाम मात्र एकही नव्हता.

त्या असं का बोलल्या ते कळायला थोडं मागे जावं लागेल. अनिताबाई आधी कल्याणच्या एका नर्सिंग होममध्ये आया होत्या. नवरा गेल्यावर त्यांनी नोकरी सोडली आणि शहापूरच्या बाजारपेठेच्या टोकाला एक गाळा घेऊन ‘सोबत सेवा केंद्र’ असा बोर्ड लावला. अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्या माणसांकडे बाया पाठवायच्या, हे काम. तालुक्यात अशी घरं चिक्कार. तरणी माणसं पहाटे आटगाव स्टेशन गाठतात ती अंधार पडल्यावर उगवतात, आणि मधल्या वेळात घरात एक खाट, खाटेवर एक म्हातारं माणूस आणि ओटीवर कोंबड्या. घरांना गरज होती, बायांना काम हवं होतं. त्यामुळे एजन्सी चालायची, पण रडतखडत.

मुलगा इंद्रजीत हैदराबादला मोठ्या कंपनीत होता. लोकांना त्यांचे धंदे कसे वाढवायचे ते सांगायचं, हीच त्याची नोकरी. पोरगा गुणाचा. दर रविवारी न चुकता फोन करायचा. “जेवलीस का? गोळ्या घेतल्यास का? बाकी काय?” “बाकी काय नाय रे.” “बरं, ठेवतो मग.” रेशनच्या दुकानात माप टाकावं तसा तो फोन असायचा, त्यात चिमूटभरही जास्त नाही.

मग एका रविवारी बाई भलत्याच चिडलेल्या होत्या. चंदा नावाची त्यांची चांगली तयार झालेली बाई एका घराने परस्पर ठेवून घेतली होती. बोलता बोलता त्यांनी ते मुलाला सांगून टाकलं, आणि पलीकडचा आवाज एकदम बदलला.

“थांब, थांब. आई, नीट सांग. पहिल्यापासून सांग.”

त्या दिवशी इंद्रजीत इतका बोलला की बाईंच्या कुकरमधली डाळ करपली. एका पेशंटकडे एकच बाई ठेवू नकोस, दोघींना आलटूनपालटून पाठव, म्हणजे एक सुटीवर गेली तरी अडणार नाय. घरच्यांशी साधा का होईना, करार कर. डॉक्टरांना जाऊन भेट, पेशंटला घरी सोडताना नातेवाईक त्यांनाच विचारतात. नव्या बाईला आधी शिकव, मगच घरी धाड. बोलण्याच्या भरात त्याच्या तोंडचं हैदराबाद गळून पडलं आणि मागच्या दारी पेरूच्या झाडावर चढणारा पोर परत आला. बाई करपल्या डाळीचा वास घेत नुसत्या ऐकत राहिल्या. त्यांना फार बरं वाटलं.

आता पोराची अक्कल खरी होती, हे मान्य करायला हवं. त्याने सांगितलेलं एकेक बाईंनी केलं आणि एजन्सी वाढली. भातसानगरच्या कॉलनीतून कामं आली, खर्डीहून आली. ऑफिसात फोन घ्यायला वैष्णवी नावाची नर्सिंग शिकलेली मुलगी आली. तक्रारी थांबल्या, बाया टिकायला लागल्या. आणि इथेच घोळ झाला. सगळं सुरळीत चालल्यावर मुलाला सांगायला काही उरेना. “धंदा कसाय?” “बरा हाय.” “बाकी काय?” फोन पुन्हा मापावर आला.

संध्याकाळी गाळ्याचं शटर ओढून बाई घरी यायच्या. वाटीभर तांदळाचा भात लावायच्या. आतल्या खोलीत टीव्ही मोठ्याने लावून स्वतः बाहेर स्वयंपाकघरात बसायच्या, म्हणजे आत कुणीतरी आहे असं वाटायचं. अख्खा तालुका त्यांना ‘सोबतवाल्या बाई’ म्हणायचा. कुणाच्याही घरी सोबत पाठवू शकणाऱ्या या बाईच्या घरात दुसरं ताट महिनोन् महिने भिंतीला टेकून उभं असायचं, आणि हे कुणाच्या लक्षातही येत नव्हतं. एकट्या बाईचं दुःख कामसू बाईला शोभत नाही, असा आपल्याकडे सगळ्यांचाच समज असतो.

अशाच एका रविवारी इंद्रजीत “ठेवतो मग” म्हणाला आणि बाईंच्या तोंडून निघून गेलं, “मुरबाडला एकाने एजन्सी काढलीय रे. आपल्या बाया फोडतोय.”

“कोण?”

“सुदाम म्हणून हाय कोणतरी.”

झालं. सुदाम जन्माला आला.

तो भराभर मोठाही झाला. तो कमी पैशात बाया देतो. तो डॉक्टरांकडे मिठाई पाठवतो. इंद्रजीतने विचारलं, गुगलवर कसा सापडत नाय हा? तर बाई म्हणाल्या, अरे, मुरबाडात सगळं तोंडी चालतं, तिथं कोण बघतंय तुझं गुगल? मुरबाडजवळच्या म्हसा गावच्या जत्रेत सुदामने म्हाताऱ्यांचं बीपी तपासायचा स्टॉल लावला, असंही त्यांनी सांगितलं. त्यावर इंद्रजीत इरेला पेटला. आपणही लावायचा! मग बाईंना खरोखर स्टॉल लावावा लागला. बैल विकायला आलेल्या म्हाताऱ्यांचं वैष्णवीने थंडीत कुडकुडत बीपी तपासलं, आणि गंमत म्हणजे त्यातून खरी कामं मिळाली. इंद्रजीतच्याच आग्रहाने मुरबाडच्या एसटी स्टँडजवळ एक खोली घेऊन शाखा काढली, तीही चालायला लागली. नसलेल्या माणसाशी लढून बाईंची एजन्सी दुप्पट झाली.

बाईंना त्याचं कौतुक नव्हतं. त्यांचं सगळं लक्ष फोनकडे. आता इंद्रजीत रविवारची वाट बघत नव्हता. मधल्या वारीसुद्धा फोन यायचा. “आई, काय म्हणतोय सुदाम?” बाई गालातल्या गालात हसायच्या आणि सुदामचा नवा पराक्रम सांगायच्या. सुदाम गेला तर फोनही जाईल, हे त्यांना पक्कं माहीत होतं. म्हणून त्या त्याला जपत होत्या.

“मावशी, हा सुदाम कोण ओ?” वैष्णवीने एकदा विचारलं. “मी रोज फोन घेते, मला नाय कदी त्याचं नाव ऐकू आलं.”

“तू तुझं काम कर गो,” बाई म्हणाल्या. त्यांचे कान तापले होते.

आणि मग इंद्रजीतचा फोन आला. “आई, मी येतोय. त्या सुदामला समोरासमोर भेटू. भांडून उपयोग नाय. त्याची एजन्सी आपल्यातच घेऊन टाकू.”

दोन वर्षांत तो आला नव्हता. फोन ठेवल्यावर बाई कॉटवर बसल्या आणि त्यांना एकाच वेळी हसूही यायला लागलं आणि आता सुदाम कुठून आणायचा ही धास्तीही वाटली. तो येणार तो सुदामसाठी. येऊ दे, कशासाठी का येईना. त्यांनी वाल भिजत घातले, सुकट आणली, गादीला नवी चादर घातली. खरं काय ते तो जेवल्यावर सांगायचं, असं त्यांनी ठरवून टाकलं.

पण इंद्रजीत जेवायला थांबलाच नाही. विमानतळावरून भाड्याची गाडी स्वतः चालवत आला, आईच्या पाया पडला, पाणी प्याला आणि म्हणाला, “आधी मुरबाडला जाऊन येऊ. मग निवांत.” बाई गाडीत बसल्या. किन्हवलीपर्यंत तो सुदामला काय काय देऊ करायचं ते सांगत होता. दोन्ही बाजूंना कापणी झालेली शेतं, मध्येच कुठे पेंढ्याची उडवी. बाई पदराचं टोक पिळत होत्या.

“इंद्या, गाडी थांबव.”

त्याने गाडी कडेला घेतली. “मळमळतंय का?”

“सुदाम नाय रे.”

“नाय म्हणजे? आज नाय का तो?”

“कदीच नव्हता.”

इंद्रजीतला कळायला वेळ लागला. “आपल्या बाया फोडल्या त्या?”

“कोणी नाय फोडल्या.”

“जत्रेतला स्टॉल?”

“आपलाच तेवढा.”

“पण का, आई?”

“तू फोन ठेवतोस ना लगेच,” बाई म्हणाल्या. आणखी काही सांगण्यासारखं नव्हतंच.

त्याने इंजिन बंद केलं. रागावेल म्हणून बाई अंग चोरून बसल्या होत्या, पण तो रागावला नाही. त्याने स्टिअरिंगवरचा हात काढून आईच्या हातावर ठेवला. त्याचे डोळे भरले होते. बाईंना वाटलं, कळलं पोराला. उगाच इतके दिवस घाबरले. त्यांना अगदी हलकं वाटलं.

मुरबाडला न जाता ते घरी परतले. इंद्रजीत वालाचं बिरडं दोनदा मागून जेवला, सुदामच्या एकेका पराक्रमावर खो खो हसला, आईच्या कॉटवर आडवा होऊन झोपलाही. तो झोपलेला असताना बाईंनी टीव्ही बंदच ठेवला. त्याचं घोरणं त्या स्वयंपाकघरात बसून ऐकत होत्या. त्या दुपारइतकं सुख त्यांना कित्येक वर्षांत मिळालं नव्हतं.

उन्हं कलल्यावर तो निघाला. बूट घालता घालता म्हणाला, “आई, मी नीट विचार केला. तुझं बरोबर आहे, चूक माझीच आहे. म्हणून वैष्णवीशी फोनवर बोललो मघाशी. आपल्या बायांमधली ती लहानी नावाची आहे ना, ती उद्यापासून रोज संध्याकाळी तुझ्याकडे येईल. बसेल, बोलेल, तुझ्याबरोबर जेवेल. तिचे पैसे दर महिन्याला मी भरीन. तू उगीच मला सवलत देऊ नकोस हं.” तो प्रेमाने हसला. “म्हणजे मला इकडची काळजी राहणार नाही.”

गाळ्यातल्या टेबलासमोर बसून किती मुलांनी बाईंना हेच वाक्य ऐकवलं होतं. मनापासून म्हणायची ती मुलं, आणि बाईंना ती चांगलीच वाटायची. आपला इंद्रजीतही चांगलाच होता. त्यामुळे रागवायलाही जागा नव्हती. त्यांच्या तोंडून सवयीने तेच निघालं, जे त्या सगळ्यांना विचारायच्या.

“किती दिवसांसाठी लावायची बाई?”

इंद्रजीत डिकीत बॅग ठेवत होता. त्याने मागे वळूनही पाहिलं नाही.

“दिवस कसले, आई? आता कायमचीच.”

“बरं,” अनिताबाई म्हणाल्या. “नीघ तू. उशीर होईल तुला.”