बुरुजाचं उकळतं तीर्थ

आगरच्या किनाऱ्यावर ही गर्दी! जुन्या बुरुजाखाली बसलेल्या बाबाने पितळी पातेल्यात पांढरे खडे टाकले, वर समुद्राचं पाणी ओतलं. ना चूल, ना विस्तव. तरी पाणी खदखदू लागलं.

"बुरुजातली आई कोपलीय! दगडाला हात लावाल तर गाव बुडेल!" बाबा गरजला.

त्या बुरुजाची डागडुजी आम्ही गवंडी करत होतो, जुन्या रीतीने, चुन्यात. माथा उघडा, पावसाळा तोंडावर आणि माझे गडी बाबापुढे हात जोडून उभे.

"लडक्या, अरे ही भट्टीतली चुनकळी! आपण रोज भिजवतो तीच!" मी एका गड्याला ओरडून सांगितलं.

"आपली साधी, मिस्त्री," लडक्या नजर चुकवत म्हणाला. "बाबाची मंतरलेली हाय."

कपाळ बडवून घ्यावंसं वाटलं.

तेवढ्यात बाबाने मोतीबिंदू झालेल्या बुधीबाईच्या डोळ्यात ते तीर्थ घातलं. म्हातारी किंचाळली.

"पाप जळतंय, सोस!" बाबा म्हणाला, आणि लोकांनी तिचेच हात धरून ठेवले! मी त्यांना ढकलून तिच्या डोळ्यावर पिण्याचं पाणी ओतलं आणि तिला रिक्षाने दवाखान्यात नेलं. डॉक्टर दक्षाने कितीतरी वेळ डोळा धुतला, पण तो वाचला नाही.

दक्षा तशीच बुरुजापाशी आली. माझ्या पोत्यातली चुनकळी तिने बादलीत टाकली, वर नळाचं पाणी ओतलं. बादली उकळू लागली.

"चुनखडी भट्टीत भाजली की चुनकळी होते. तिच्यावर पाणी पडलं की ती तापतेच. मंत्र कशाला हवा?"

बाबा हसला. "पाहा, आई पोत्यातसुद्धा आली!"

आणि लोकांनी पोत्याला नमस्कार केला! दक्षा संतापली. "मग हे तीर्थ स्वतःच्या डोळ्यात घाला, बाबा."

बाबा मागे सरकला. "माझे डोळे चांगले आहेत."

"मग बोट बुडवा. नुसतं बोट!"

बाबा पातेलं टाकून निघाला. बुधीबाईच्या लेकीने, धाकलीने, त्याची कफनी धरली. "माझ्या आयचा डोळा घालवलास. पोलीस येईपर्यंत हलायचं नाय!" या वेळी मात्र कुणी हात धरले नाहीत.

बाबाला पोलिसांनी नेलं. गडी कामावर आले, पण त्याआधीच पाऊस आला आणि उघडी भिंत ढासळली. ती आम्ही पुन्हा रचतो आहोत. बुधीबाईचा डोळा कोण रचणार?

लोकहो, नवल दिसलं तर जरूर बघा. पण हात जोडण्याआधी "हे कसं झालं?" एवढं विचारा. विचारल्याने कुठलाही देव कोपत नाही.