पडद्यावरचे ओठ

ट्रूडेने ओटोकारची बाही धरून त्याला पहिल्या रांगेकडे ओढले.

"मागे बसू ना," तो तिच्याकडे तोंड करून सावकाश म्हणाला. लहानपणी तापात कान गेल्यापासून ती ओठांवरून बोलणे वाचत असे.

"इथूनच नीट दिसेल. ब्रूनोनं विचारलंय, तिजोरी खरी वाटते का. लाकडाची वाटली तर मोआबिटहून पळून येऊन रंगवीन म्हणाला."

ब्रूनो तिचा नवरा, ओटोकारचा जुना मित्र. स्टुडिओतला सुतार. तांब्याची तार चोरल्याबद्दल तो मोआबिटच्या तुरुंगात होता.

दाराशी तिकिटे फाडणारा म्हातारा ओटोकारला ओळखून हसला होता, "या, या, गद्दार! बायकांनी छत्र्या आणल्यात, डोकं सांभाळा." या मूकपटात ओटोकार जोडीदाराला पोलिसांच्या हाती देणारा चोर झाला होता. थट्टेला हसायचे असते, हे त्याला उशिरा आठवले.

दिवे गेले. पियानो सुरू झाला. तिजोरी दिसताच ट्रूडेने त्याच्या गुडघ्यावर चापट मारली.

"लोखंडच की रे!"

मग पोलिसांनी जोडीदाराला नेले आणि ओटोकारचा चेहरा पडदाभर झाला. हे दृश्य कापले, असे त्याला सांगण्यात आले होते. ते घेताना दिग्दर्शक म्हणाला होता, "काहीही बोल, ऐकतंय कोण! रडू आलं म्हणजे झालं." त्या दिवशी त्याला दुसरे काही सुचलेच नव्हते.

पडद्यावरचे ओठ हलले. मागे कोणी बाई हुंदके देऊ लागली. ट्रूडेचेही ओठ हलू लागले, आवाज न करता: ब्रूनो, तार मी विकली. नाव तुझं सांगितलं.

बाहेर ऊन होते. लोक ओटोकारचा हात हातात घेत होते.

"काय रडलात हो! अगदी खरं वाटलं!"

तो मान खाली घालून हातातली टोपी फिरवत राहिला. ट्रूडेने हातमोजे चढवले, एकेक बोट नीट बसवत.

"उद्या आमच्या बहिऱ्यांच्या मंडळातली माणसं घेऊन येते," ती म्हणाली. "मी पडले त्याची बायको. कोर्टात माझं एकटीचं कोण खरं मानणार?"

"ट्रूडे, मी..."

ती त्याच्या ओठांकडे पाहत होती. पुढचा शब्द येण्याआधी तिने डोळे मिटून घेतले.