मामाच्या बागेपर्यंत

पाल गावात बसमधून उतरली तेव्हा पलकला पायांची बोटं जाणवत नव्हती. पुढे सातपुड्याच्या खोऱ्यात जाणारा रस्ता, पावसाळ्यात मोरी वाहून गेल्यापासून, गाड्यांना बंद होता. चहावाल्यानं तिच्या मामाच्या मळ्याची दिशा दाखवली आणि म्हणाला, "ऊन पडू द्या, ताई. मग जा."

थांबायला वेळ नव्हता. जळगावच्या दवाखान्यात तिची आई, सुगंधाबाई, अंगातलं रक्त जाऊन पांढरीफटक पडली होती. ऑपरेशन तातडीचं होतं आणि रक्तगट लाखात एखाद्याचा, बॉम्बे. कुठल्याच रक्तपेढीत तो मिळेना. "सख्खा भाऊ असेल तर जुळू शकतं," डॉक्टर म्हणाले होते. सख्खा भाऊ होता. पण सुगंधाबाईनं चाळीसगावच्या जैन घरातल्या ललितशी लग्न केलं, तेव्हापासून अभिमननं बहिणीचं नाव टाकलं होतं. पलकनं त्याला कधी पाहिलंही नव्हतं. अनोळखी नंबरचा फोन तो उचलत नव्हता.

गवतावरचं दव गोठून पांढरं झालं होतं. सागाच्या रानात पाखराचाही आवाज नव्हता. ओढा ओलांडताना तिचा पाय घसरला, सलवार गुडघ्यापर्यंत भिजली, आणि मग ते गार कापड पोटऱ्यांना कापू लागलं. ती वाट चुकली, मागे फिरली, पुन्हा चुकली. एकदा दगडावर बसली, तर बसल्यावर इतकं बरं वाटलं की तिची तिलाच भीती वाटली. ती उठली.

शेवटी धूर दिसला. केळीला थंडी मारू नये म्हणून बांधाबांधावर ओला पालापाचोळा पेटवलेला होता. मफलर गुंडाळलेला एक माणूस काठीनं शेकोटी चाळवत होता.

"कोन व तू?"

"सुगंधाबाईची मुलगी."

अभिमननं काठी खाली ठेवली. तिनं सगळं सांगितलं. काकडून शब्द तुटत होते. सुमनमामीनं खोपीतून घोंगडी आणून तिच्या अंगावर टाकली.

"उद्या सकायी याहून जास्त थंडी पडीन," अभिमन बायकोला म्हणाला. "शेकोट्यांचं तुह्याच्यानं एकटीनं होईन का?"

"होईन तितकं करीन. तुम्ही जा."

परतीच्या वाटेवर तो पुढे चालला, पलक त्याच्या मागे. पालला केळीचा टेम्पो मिळाला.

रक्त जुळलं. दुपारी ऑपरेशन झालं. संध्याकाळी पलक म्हणाली, "मामा, आता निघालात तर पोचाल. बाग..."

"तिले डोये उघडू दे," तो म्हणाला आणि बाकावर बसून राहिला.

सकाळी मामीचा फोन आला. "बागेची खालची बाजू थंडीनं गेली," एवढंच त्यानं सांगितलं. पलकला त्याच्याकडे बघवेना.

थोड्या वेळानं नर्सनं आत बोलावलं. सुगंधाबाईनं डोळे उघडले होते. तिनं भावाकडे पाहिलं.

"भाऊ, म्हातारा झाला रे तू."

"तू तरी कुठी तरनी राह्यली," अभिमन म्हणाला.

पलकनं स्टूल पुढे सरकवलं. तो बसला. ऊन वर आलं, तरी तो उठला नाही.