वाणियंबाडीचा तहानलेला ड्रम

मित्रांनो, मी तमिळनाडूतल्या वाणियंबाडीच्या चामड्याच्या कारखान्यातला एक जुना लाकडी ड्रम आहे. चौतीस वर्षे माझ्या पोटात बकऱ्यांची कातडी घुसळली गेली. गेले सात महिने मात्र मी रिकामा आहे आणि कारखान्याला बाहेरून कुलूप आहे.

सुताराने मला जोडले तेव्हा फळ्यांत खिळा मारला नाही. लोखंडी पट्टे आवळले आणि पाणी भरले. पहिल्या दिवशी मी सगळीकडून गळलो. चौथ्या दिवशी फळ्या फुगल्या, फटी बुजल्या. तेव्हापासून माझे जगणे पाण्यावर आहे. काम नसले तरी माझ्यात गुडघाभर पाणी ठेवून मला फिरवावे लागते. नाहीतर फळ्या आकसतात, तडकतात, आणि मग मी कामाचा राहत नाही.

माझे मालक शुकूरभाई. ईदला कामगार गावी गेले की त्यांची बायको जुलैखाबी स्वतः येऊन माझे पाणी पाहायच्या. मला थोपटून म्हणायच्या, "तुझं झालं, आता मी जेवते." गेल्या वर्षी त्या वारल्या. शुकूरभाई रोज कारखान्यात यायचे आणि नुसते बसून राहायचे. टेबलावर टपालाचा ढीग साचला.

कर्ज नव्वद दिवस थकले की बँक ते खाते बुडीत धरते. इटलीच्या गिऱ्हाइकाचे पैसे अठ्ठ्याऐंशीव्या दिवशी बँकेत पोचले होते. पण कसलासा खुलासा हवा म्हणून बँकेने ते बाजूला ठेवले. खुलासा मागणारे पत्र त्या ढिगात न फोडता पडून होते. खुलासा उशिरा गेला आणि त्र्याण्णवाव्या दिवशी पैसे खात्यात जमा झाले. बँक म्हणाली, उशीर झाला. शुकूरभाई म्हणाले, पैसे तुमच्याच घरात होते. आधी नोटीस आली, मग कुलूप आले आणि भांडण चेन्नईच्या न्यायाधिकरणात गेले.

एके दिवशी शुकूरभाई कारखान्याच्या खिडकीशी धापा टाकत आले. माझी देखभाल करणारा एळुमलै तिथेच उभा होता.

"जिंकलो रे! 'जैसे थे'चा हुकूम मिळाला. आता बँकेला लिलाव करता येणार नाही."

"मग किल्ली द्या भाई, पाणी भरतो."

शुकूरभाईंचा चेहरा उतरला. "किल्ली नाही. आहे तसंच ठेवायचं. कुणीच आत जायचं नाही."

"ड्रम आहे तसा राहतो होय? वकिलाला सांगितलं नाहीत?"

"लिलाव थांबवा, एवढंच मागितलं. पाण्याचं डोक्यातच आलं नाही. हे सगळं तीच बघायची ना."

एळुमलै बँकेच्या पहारेकऱ्याकडे, दुरैकडे वळला. "अण्णा, खिडकीतून नळी तरी सोडू दे."

"सोड की! उद्या साहेब विचारतील, जप्तीच्या मालात पाणी कुणी ओतलं? मग माझ्या पोरांना तू जेवायला घालशील?"

"तुलाच महिनाभर बिनपाण्याचं बसवायला पाहिजे."

"पगार चालू राहू दे, बसतो."

शुकूरभाईंनी पाण्यापुरता वेगळा अर्ज केला. त्याला तारीख पडली, मग दुसरी पडली. माझा एक पट्टा सैल होऊन खाली घसरला. फळ्यांच्या फटींतून आता उजेड आत येतो.

काल ते पुन्हा खिडकीशी एळुमलैकडे आले. "बँक तडजोड करतेय. खातं बुडीत होतं असं मी लिहून दिलं की उद्या कुलूप उघडतील."

"मग द्या लिहून! एक सही तर आहे."

"ते नव्वद दिवस कुठले, माहीत आहे ना तुला? ती दवाखान्यात होती ते, आणि नंतर घर खायला उठायचं ते. एवढं होऊनही माल वेळेत गेला, पैसे वेळेत आले. आणि मी ते दिवस बुडवले, असं माझ्याच हातानं लिहू?"

शुकूरभाईंनी खिडकीच्या गजांतून हात आत घातला. तो माझ्यापर्यंत पोचला नाही. सही न करताच ते गेले.

पुढची तारीख पोंगलच्या सणानंतर आहे. त्यांचे म्हणणे खरे आहे. पण मी तोवर टिकणार नाही, हेही खरे आहे.

मित्रांनो, भांडा, न्याय मागा. फक्त दार बंद ठेवण्याआधी, आत कोण पाण्यावाचून राहील ते विचारा. जो जिंकला, त्यानेही विचारावे.