मालकांच्या हातचं गोड

पुस्तकबांधणीच्या त्या कारखान्यात गोड आलं की कुणीतरी जायचं. हा काही लेखी नियम नव्हता, पण लेखी नियम तरी कोण पाळतं? मोठ्या मालकांच्या काळात एकदा भला मोठा केक आला. सगळ्यांनी बोटं चाटूनपुसून खाल्ला आणि संध्याकाळी कळलं की घड्या घालायचं यंत्र येतंय, तेव्हा हाताने घड्या घालणाऱ्या तिघींनी सोमवारपासून येऊ नये. दुसऱ्यांदा आइस्क्रीम आलं. ते वितळायच्या आत म्हाताऱ्या रखवालदाराला निरोप मिळाला. मोठे मालक माणूस वाईट नव्हते, भित्रे होते. तोंडावर वाईट बोलायची हिंमत नाही, म्हणून आधी तोंड गोड करायचे.

ते गेले आणि खुर्चीवर मुलगा बसला. दोन वर्षं धाकट्या मालकांनी कुणाला साधी गोळीही दिली नाही, त्यामुळे सगळे निर्धास्त होते. आणि एका शुक्रवारी ते कटिंगच्या टेबलापाशी येऊन म्हणाले, "रविवारी सगळे तळ्यावर जाऊ. शेकोटी पेटवू. गोड मी स्वतः करणार, तिथेच, निखाऱ्यांवर!"

आठ जणांचे हात एकदमच थांबले.

सगळ्यात मोठा धसका सुईताईने घेतला. पुस्तकाचे फर्मे, म्हणजे घड्या घातलेल्या कागदांचे जुडगे, सुईदोऱ्याने एकमेकांना शिवायचे हे तिचं काम. एकोणीस वर्षं ती तेच करत होती. शिवलेलं पुस्तक ती उजवीकडे सरकवायची आणि तिथे खळबाई त्याच्या पाठीला खळ लावून पुठ्ठा चढवायची. खिडकीखाली दोघींच्या जागा इतक्या लागून, की एक शिंकली तर दुसरीचा ब्रश हलायचा. आणि बुधवारी एक अनोळखी माणूस टेप घेऊन आला होता. तो अख्ख्या कारखान्यात दुसरीकडे कुठेच थांबला नाही. खिडकीखालची तेवढी जागा लांबीरुंदीने मोजून वहीत लिहून घेतली आणि कुणाशी न बोलता चालता झाला.

"थडग्याचं माप घेऊन गेला मेला," खळबाई म्हणाली होती.

सुईताईला हसू आलं नव्हतं. तिचं वय त्रेपन्न. हाताने पुस्तकं शिवणारी बाई आता दुसरीकडे कोण ठेवणार? घरी बसलं तर उपाशी मरायची वेळ येणार नव्हती. पण सकाळी उठून, वेणी घालून कुठे जायचं, याचं उत्तर तिच्याकडे नव्हतं. खळबाईची गत याहून वाईट. ती मुलाच्या दोन खोल्यांत राहायची. "दिवसभर नसते म्हणून सुनेला मी चालते," असं ती स्वतःच सांगायची आणि स्वतःच हसायची.

म्हणून तळ्यावर जाणाऱ्या टेम्पोत बसल्याबसल्या दोघींनी ठरवून टाकलं. मालकांच्या हातचं काही म्हणजे काही खायचं नाही.

"खाल्लं की आपण कबूल केलं," खळबाई म्हणाली. "केक खाल्ला नसता तर त्या तिघींना भांडता तरी आलं असतं. तोंडात घास असताना कोण भांडणार?"

शहाण्या माणसाला हे पटणार नाही. त्या कारखान्यात मात्र ते सगळ्यांना पटलेलं होतं.

तळ्याकाठी पोचल्यावर धाकट्या मालकांनी बाह्या सरसावल्या. दगडांचं कोंडाळं करून लाकडं रचली. रचली म्हणजे काय, एकावर एक टाकली. अर्धी काडेपेटी संपली तरी धुराशिवाय काही निघेना. शेवटी चाळीस वर्षं कागद कापणाऱ्या कटरमामांना राहवलं नाही. "सरका बघू जरा," म्हणत त्यांनी लाकडं एकमेकांना टेकवून उभी केली, खाली पिशवीभर कागदाची कात्रणं कोंबली आणि एका काडीत भडका उडवला.

"आता थांबा. जाळावर काही ठेवायचं नाही. निखारे पडू द्या," मामांनी बजावलं.

तोवर मालकांनी पिशव्या मोकळ्या केल्या. केळी, सफरचंदं, चॉकलेटच्या वड्या, बेदाणे, लोणी, साखर, चंदेरी फॉइलची गुंडाळी. सामान संपता संपेना.

"एवढं?" खळबाई सुईताईच्या कानाला लागली. "एकाला घालवायचं असतं तर बिस्किटांवर भागलं असतं."

पहिली पाळी केळ्यांची. सालीसकट केळ्याला उभी चीर द्यायची, चिरेत चॉकलेटचे तुकडे खोचायचे, फॉइलमध्ये गुंडाळून निखाऱ्यांवर ठेवायचं. काम पोरखेळाचं. पण मालक पहिल्या केळ्याला चीर द्यायलाच विसरले आणि ते फटकन फुटलं. आधीच धास्तावलेले आठ जण जागच्या जागी उडाले. पुढची दोन एका अंगाने कोळसा झाली. चौथ्यापासून जमायला लागलं. तापल्या चॉकलेटचा वास आला, आणि काय सांगायचं, माणसाचा निश्चय नाकापाशीच मार खातो. घडीच्या यंत्रावरचा पहिला फितूर झाला. मग एकेक करून सगळेच. कटरमामा तर चमचा न घेता सालीतूनच ओरपायला लागले.

दोघी तेवढ्या दगडावर घट्ट बसून राहिल्या.

"यंत्रवाल्याला दोन दिली बघ," खळबाई कुजबुजली. "गेला बिचारा."

"मामांना तर तीन दिली."

"मामांना घालवायचं तर तीनवर भागेल का? चाळीस वर्षं झालीत त्यांना."

खळबाईची चेष्टा चालू होती. सुईताईचं लक्ष मात्र मालकांवर होतं. ते सगळ्यांकडे बघत होते, हसत होते, बोलत होते. तिच्याकडे बघितलं की लगेच नजर फिरवत होते. एकदा झालं, दोनदा झालं. तिसऱ्यांदा तिची खात्री पटली. माझीच पाळी आहे, तिला वाटलं. शेजारी खळबाई हसत होती तेही तिला नकोसं झालं. हिला कशी काय काळजी नाही? हिला आधीच काही सांगितलंय का? एकोणीस वर्षांत पहिल्यांदा तिने मैत्रिणीकडे संशयाने पाहिलं. परवा ही मालकांच्या खोलीत गेली होती, ब्रश मागायला म्हणाली. पण ब्रश घेऊन आली होती का? काही केल्या आठवेना.

ऊन कलायला लागलं तशी मालकांनी सफरचंदं काढली. गाभा कोरून पोकळीत बेदाणे, साखर आणि लोणी भरलं, गुंडाळली आणि निखाऱ्यांत पुरली. मग हाक आली.

"ताई, जरा इकडे या. ही फिरवायला मला हात हवाय."

खळबाईने तिचं मनगट दाबलं. "काही दिलं तर खाऊ नको," ती म्हणाली. तिच्या आवाजात चेष्टा नव्हती. मघाच्या संशयाची सुईताईला लाज वाटली.

ती शेकोटीपाशी जाऊन उकिडवी बसली. मालकांनी चिमटा तिच्या हातात दिला आणि काडीने उगाच राख उकरायला लागले.

"मशीन येतंय, ताई. पुढच्या महिन्यात. खिडकीखाली बसवायचंय."

"मोजून गेले तेव्हाच कळलं."

"मशीनच शिवणार. पण त्यावर माणूस लागतं. फर्मा उलटा गेला तर तुमच्याइतकं चटकन कुणाला दिसत नाही. मशीनवर तुम्ही बसायचं. शिकवायला माणूस येईल."

सुईताईला हायसं वाटलं. इतकं, की डोळ्यांत पाणी आलं आणि तिने ते धुरावर ढकललं. दोनतीन सफरचंदं तिने अगदी मजेत फिरवली. मग तिच्या मनात आलं ते आधीच यायला हवं होतं.

"आणि पाठीला खळ?"

"तेही मशीनच लावतं," मालक राखेशीच बोलले.

"मग ती?"

मालकांनी हातातली काडी मोडली. निखाऱ्यांत साखर उतू जाऊन जळाल्याचा वास आला.

"मला सांगणं जमणार नाही, ताई. तीन दिवस प्रयत्न करतोय. परवा ब्रश मागायला आल्या, तेव्हा सांगणारच होतो. दोन ब्रश देऊन पाठवलं नुसतं. तुम्ही मैत्रिणी. तुमच्याकडून कळलं तर त्यांना बरं वाटेल."

"बरं वाटेल?"

"म्हणजे, कमी वाईट वाटेल."

'तुमचं काम आहे, तुम्ही करा', हे वाक्य सुईताईच्या जिभेवर आलं होतं. मूळची ती फटकळ बाई. पण ज्या माणसाने पाच मिनिटांपूर्वी तिची जागा राखली, त्याला तोंड वर करून नाही कसं म्हणायचं? जागा अजून कागदावर चढली नव्हती. ती गप्प बसली, आणि आपण गप्प का बसलो हे तिला पक्कं ठाऊक होतं.

मालकांनी त्यातल्या त्यात चांगलं भाजलेलं सफरचंद वाटीत काढलं, वरचा साखरेचा पाक चमच्याने गोळा करून त्यावर घातला. "आधी हे द्या त्यांना," ते म्हणाले.

दगडापर्यंत वीसेक पावलं होती. सांगायचं कसं, याची जुळवाजुळव करत ती चालली आणि एकही वाक्य जुळायच्या आत पोचली.

"काय म्हणाला?" खळबाईने विचारलं.

"आधी खा," सुईताई म्हणाली. असं म्हणायचं तिने ठरवलं नव्हतं.

खळबाईने वाटीत डोकावून पाहिलं. नाक मुरडलं. "मालकाचं?"

"मी भाजलंय." चिमटा तर तिच्याच हातात होता. पण खोटं ते खोटंच.

"तुझ्या हातचं होय! मग आधी सांगायचंस की." खळबाईने वाटी ओढूनच घेतली. दिवसभर नुसत्या वासावर बसलेली बाई ती. पहिला घास घेतला आणि डोळे मिटले. "अगं बाई! हे आपण सोडत होतो? बेदाणा बघ कसा फुगलाय." दुसरा घेतला, तिसरा घेतला. पाक हनुवटीवर ओघळला तो बोटाने पुसून बोट चाटलं.

सुईताई बघत राहिली. संपू दे, तिला वाटलं, निदान हे संपेपर्यंत तरी हिला सुखाने खाऊ दे. आणि मग तिला स्वतःचीच किळस आली, कारण मोठे मालकही केकच्या टेबलामागे उभे राहून नेमकं हेच म्हणत असणार.

"आता सांग. मशीन येतंय ना? आपलं काय?"

"येतंय."

"आणि?"

सुईताईने मान खाली घातली. खळबाईचं चावणं थांबलं. तिने शेकोटीकडे पाहिलं. तिथे मालक पाठमोरे बसले होते. मग तिने वाटीकडे पाहिलं, आणि मग सुईताईकडे.

"कोण?" तिने विचारलं. "तू का मी?"

"तू."

तोंडातला घास खळबाईला धड गिळताही येईना आणि थुंकताही येईना. बऱ्याच वेळाने तो खाली उतरला. ती रडेल किंवा वाटी फेकेल, असं सुईताईला वाटलं. फेकली असती तर बरं, असंही वाटलं. पण खळबाईने चमचा पुन्हा वाटीत घातला, बेदाण्यासकट मोठा घास भरला, वर पाक घेतला आणि हात लांब करून तो सुईताईच्या ओठांपाशी धरला.

"तुझी राहिली ना जागा?" ती म्हणाली. "मग आ कर. खा."