मधुदत्तची लिफ्ट

मित्रांनो, माझ्या आत आता दिवा लागत नाही आणि माझी जाळीची दारं अर्ध्यावरच अडकतात. भोसरीत, एमआयडीसीच्या कडेला असलेल्या एका चार मजली इमारतीची मी जुनी लिफ्ट. लवकरच ही इमारत पाडणार आहेत. त्याआधी माझी हकिकत तुम्हाला सांगून ठेवते. खरं म्हणजे ती माझ्यापेक्षा दोन माणसांचीच जास्त आहे.

पूर्वी या जागेवर दत्तोबांची पत्र्याची शेड होती. ते फॅब्रिकेशनची कामं करायचे. मधुसूदन साहेब एका मोठ्या कारखान्यात इंजिनिअर होते. राहायला निगडीला, प्राधिकरणात. कारखान्याची लहानसहान कामं ते दत्तोबांना द्यायचे. कामापुरतं बोलणं हळूहळू चहावर आलं आणि चहावरून घरच्या जेवणावर. एकदा साहेब म्हणाले, "दत्तोबा, इकडे चाकणपर्यंत नवे कारखाने उघडतायत. त्यांच्या माणसांना बसायला धड ऑफिस कुठंय? आपण इमारत बांधू आणि कंपन्यांना भाड्याने देऊ."

साहेबांनी नोकरी सोडली, दत्तोबांनी जागा दिली. ओळखीपाळखीच्या लोकांनी भरवशावर बचत गुंतवली. भाड्यातला वाटा त्यांना मिळायचा. दोघांची नावं जोडून कंपनीचं नाव ठेवलं, 'मधुदत्त ऑफिसेस'.

शेड पाडण्याआधी दत्तोबांनी तिच्यात शेवटचं काम केलं, ते माझं. मोटर आणि दोर विकत आणले, पण माझा पिंजरा त्यांनी स्वतः जोडला. वेल्डिंगचे सांधे ते घासतच राहिले, तेव्हा साहेब हसून म्हणाले, "अहो, दागिना घडवायचा नाहीये!"

"माणसं उभी ऱ्हानार हायेत ह्यात, सायेब."

"आता कसला साहेब? भागीदार आहोत आपण."

"तोंडाला बसलंय ते. आता काय सुटायचं न्हाई," दत्तोबा म्हणाले.

पहिल्या दिवशी दत्तोबांच्या पत्नीने, इंदुताईंनी, माझ्यासमोर नारळ फोडला. पण आत यायला त्या तयार होईनात. "अवो, ही खाली तर न्हाई ना यायची धाडदिशी?"

"खाली येनारच की. न्हाईतर तुला वरच ऱ्हावं लागंल!"

चौथा मजला येईपर्यंत ताईंनी नवऱ्याचा सदरा मुठीत घट्ट धरून ठेवला होता. तो दिवस आठवला की मला अजूनही बरं वाटतं.

मग माझी धावपळ सुरू झाली. गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्यांची ऑफिसं आली, सीए आले, पुढे कॉम्प्युटरवर काम करणारी पोरंपोरी आली. सकाळी माझ्यासमोर रांग लागायची. दत्तोबा मजल्यामजल्यावर हिंडून पाणी येतंय का, पंखा कुरकुरतोय का, ते विचारायचे. साहेब कागदपत्रं आणि बँका सांभाळायचे. दोघांचं बिनसलं, की भांडायला ते माझ्यात यायचे, ऑफिसातल्यांना ऐकू जाऊ नये म्हणून. एक-दोन फेऱ्या झाल्या, की त्यांतला कुणीतरी हसायचा. मग दोघं टपरीवर जायचे. चाकणला दुसरी इमारत घ्यायचं त्यांनी असंच माझ्यात उभ्याउभ्या ठरवलं.

काही वर्षांनी साहेबांचा मुलगा वरद शिकून परत आला. हुशार, कष्टाळू आणि बोलायला गोड. त्याने मोठे गुंतवणूकदार आणले, काचेच्या इमारती विकत घेतल्या आणि कंपनीचं मुख्य ऑफिस बाणेरला नेलं. नावही बदललं. आता 'एमडी वर्कस्पेसेस'. एका पाहुण्याने माझ्यातून वर जाताना विचारलं, "एमडी म्हणजे मॅनेजिंग डायरेक्टर का?" वरद नुसता हसला. कोपऱ्यात दत्तोबा उभे होते. तेही हसले, पण जरा उशिरा.

ते अजून संचालक होते. पण बाणेरच्या बैठका इंग्रजीत चालायच्या. दत्तोबा तिथे जाऊन मान डोलवायचे आणि परत इथेच येऊन बसायचे.

पुढे महामारी आली. मी बंद पडून राहिले. सगळं पुन्हा उघडलं तेव्हा निम्मे भाडेकरू परतलेच नाहीत. जे आले, तेही एकेक करून नव्या इमारतींत गेले. माझ्या छतावर कबुतरांनी घर केलं.

एका दुपारी साहेब एकटेच आले. दत्तोबांना घेऊन माझ्यात शिरले. पण या वेळी भांडण नव्हतं. ते झालं असतं तर बरं होतं.

"दत्तोबा, ही इमारत विकू या म्हणतो वरद. घेणारे ती पाडून नवी बांधतील."

दत्तोबांनी माझ्या भिंतीवर हात ठेवला. "आपली पयली इमारत हाय ही, सायेब."

"माहीत आहे हो. पण रिकामी पडलीय. लोकांनी पैसे घातलेत, त्यांना काय सांगायचं? वरदचं म्हणणं असं, की..."

"वरदचं ऱ्हाऊ द्या. तुमाला विकायचीय का? तुमी व्हय म्हना, मी आत्ता सही करतो."

साहेब मजल्यांच्या आकड्यांकडे बघत राहिले. मित्रांनो, ते वाईट नव्हते. मुलाला नाही म्हणणं त्यांना जमत नव्हतं आणि दोस्ताच्या तोंडावर होय म्हणणंही जमत नव्हतं. चौथा मजला आला. दार उघडलं. दत्तोबा बाहेर पडले आणि दुखरे गुडघे धरत जिन्याने खाली उतरले. माझ्या आयुष्यात मला इतकं एकटं कधी वाटलं नव्हतं.

सही त्यांनी पाठवून दिली. ते मात्र पुन्हा आले नाहीत.

साहेब अधूनमधून यायचे. "दत्तोबा फिरकतात का इकडे?" वॉचमन सांगायचा, "न्हाई सायेब. आजारी हायेत. घरीच असतात." ते घर इथून हाकेच्या अंतरावर. साहेब फाटकापर्यंत जायचे, गल्लीच्या दिशेला थोडा वेळ बघत थांबायचे आणि गाडीत बसून निगडीकडे निघून जायचे. असं पुष्कळदा झालं. पावसाळा सरता सरता दत्तोबा गेले.

काल इंदुताई आल्या. इमारतीची वीज तोडलेली आहे, मी तळमजल्यावर उभी आहे. त्या माझ्या आत स्टुलावर बसल्या. त्यांनीच साहेबांना फोन करून बोलावलं होतं. साहेब आले. किती वाळलेत!

"वहिनी, मी यायला हवं होतं," साहेब म्हणाले.

"व्हय. यायला पायजे व्हतं."

"मला वाटलं, ते माझं तोंडही बघणार नाहीत. इमारत विकली म्हणून."

"इमारतीचं त्यांनी एकदाबी नाव काढलं न्हाई." ताईंचा आवाज शांत होता. "गल्लीत गाडी वाजली की म्हनायचे, सायेब आलं का बघ गं. मी दारात जाऊन बघून यायची, भाऊजी. आन् न्हाई म्हनून सांगायची."

साहेब माझ्या भिंतीला टेकून लहान मुलासारखे रडले. ताईंनी त्यांना गप्प केलं नाही आणि सोडूनही गेल्या नाहीत. बऱ्याच वेळाने पदर सारखा करत त्या उठल्या. "चला घरला. च्या टाकते."

"आज नको, वहिनी. कुठल्या तोंडाने येऊ?"

"ह्याच तोंडानं या," ताई म्हणाल्या आणि चालू लागल्या. साहेब त्यांच्या मागून गेले. गल्लीच्या वळणावर दोघं दिसेनाशी झाली.

मित्रांनो, माझ्या जागी नवी लिफ्ट येईल. तिच्यात गार वारा असेल, आरसा असेल. माझ्यासाठी तुम्ही हळहळू नका. पण कुणा दोस्ताशी तुमचा अबोला असेल, तर जाऊन काय बोलायचं याचा विचार करत फाटकाशी थांबू नका. त्याच्या घरी जा. तो आत वाट बघत असेल, तोवरच जा.